वाळूचोरीचा गुन्हा उच्च न्यायालयात कधी रद्द होतो, कधी होत नाही

प्रश्न असा आला आहे. गोदावरीकाठच्या गावातल्या एका शेतकऱ्याच्या नावावर ट्रॅक्टर आहे. तो चालवायला गावातलाच एक मुलगा ठेवलेला. एका रात्री अडीचच्या सुमारास महसूल पथकाने नदीकडून गावात येणाऱ्या रस्त्यावर ट्रॅक्टर अडवला. ट्रॉलीत अंदाजे एक ब्रास वाळू होती आणि चालकाकडे वाहतूक पास नव्हता. ‘मालकाने सांगितलं म्हणून भरली’ असे तो तलाठ्यांना म्हणाला. तलाठ्यांच्या फिर्यादीवरून चालकाबरोबर घरी झोपलेल्या मालकावरही गुन्हा दाखल झाला. कलमे लागली ती भारतीय न्याय संहितेची ३०३(२) (साधी चोरी), ३०५ (शासनाच्या मालमत्तेची चोरी) आणि ३(५) (समान हेतू), शिवाय खाणी व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ ची ४ आणि २१. ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात उभा आहे, दंडाची नोटीस आली आहे आणि दोषारोपपत्रही दाखल झाले आहे. मालकाचे विचारणे एवढेच, की माझ्याविरुद्ध पुरावाच नाही, तर हायकोर्टातून गुन्हा उडेल का?

मी छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात फौजदारी बाजूला काम करतो आणि गोदाकाठच्या तालुक्यांमधून आलेल्या अशा फायली सतत हाताळतो. सांगितली आहे तेवढीच हकीकत दोषारोपपत्रात असेल, तर मालकाची बाजू चांगली आहे, चालकाची नाही. असे का, हे सविस्तर सांगतो, कारण वाळूच्या गुन्ह्यात ‘पुरावा नाही’ हे शब्द लोक फार सैलपणे वापरतात आणि त्या भरवशावर अर्ज करून हात हलवत परत येतात.

आधी अधिकाराचे बोलू. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४८२ होते, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ५२८ आहे. आशय तोच: न्यायाच्या प्रक्रियेचा गैरवापर होत असेल तर उच्च न्यायालय तो थांबवू शकते. कधी थांबवायचे, याची सात उदाहरणे सर्वोच्च न्यायालयाने हरियाणा राज्य विरुद्ध भजनलाल या निकालात घालून दिली आणि आजही प्रत्येक अर्ज त्यांच्याच आधारे तपासला जातो. वाळूच्या गुन्ह्यांत त्यांतली तीन कामाला येतात. फिर्याद शब्दशः खरी मानली तरी गुन्हा होत नसेल, ही पहिली. फिर्याद आणि तपासात गोळा झालेला सगळा पुरावा न खोडता जसाच्या तसा धरला तरी आरोपीविरुद्ध गुन्हा दिसत नसेल, ही दुसरी. आणि कायद्यातच त्या कारवाईला मनाई असेल, ही तिसरी.

यातला ‘न खोडता’ हा शब्द नीट लक्षात ठेवा. उच्च न्यायालय या टप्प्यावर साक्षीदार खरा की खोटा हे ठरवत नाही. पोलिसांनी जे जमवले ते सगळे खरे मानून पाहते आणि मग विचारते, की यातून या माणसाने वाळू चोरली असे निघते का? त्यामुळे ‘तलाठी खोटे बोलतात’ हा मुद्दा इथे जवळजवळ निरुपयोगी आहे. ‘तलाठ्यांचे सगळे खरे धरले तरी त्यात माझे नाव कुठून आले ते दिसत नाही’ हा मुद्दा मात्र चालतो. निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १३ एप्रिल २०२१ च्या निकालात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने उच्च न्यायालयांना स्पष्ट बजावले आहे, की तपास मध्येच अडवू नका आणि ‘सक्तीची कारवाई नको’ असे सरसकट आदेश देऊ नका. म्हणून गुन्हा नोंदल्याच्या दुसऱ्या दिवशी धावत येणाऱ्यांना मी बहुधा थांबायला सांगतो. दोषारोपपत्र आले की पोलिसांचे सगळे पत्ते टेबलावर पडतात. ‘दोषारोपपत्र आले, आता रद्द होत नाही’ हा समज चुकीचा आहे. दोषारोपपत्रानंतरही हा अधिकार वापरता येतो, असे आनंद कुमार मोहट्टा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितले आहे. तुम्ही आधीच अर्ज केला असेल आणि नंतर दोषारोपपत्र आले असेल, तर अर्जात दुरुस्ती करून त्यालाही आव्हान द्यावे लागते. हे राहून गेले तर सुनावणीला पहिला प्रश्न तोच येतो.

आता मूळ गुन्ह्याकडे येऊ. वाळू नदीची, नदी सरकारची, मग चोरीचे कलम कसे लागते, असा वाद बरीच वर्षे चालला. खनिज कायदा हा स्वतंत्र, संपूर्ण कायदा आहे, त्यात शिक्षा आहे, त्यामुळे दंड संहितेतल्या चोरीचे कलम लावता येणार नाही, असा बचाव घेतला जाई. दिल्ली राज्य विरुद्ध संजय या ४ सप्टेंबर २०१४ च्या निकालाने तो संपला. न्यायालय म्हणाले, की परवान्याशिवाय उत्खनन करणे हा एक गुन्हा, आणि नदीपात्रातून सरकारच्या ताब्यातली वाळू संमतीशिवाय, अप्रामाणिक हेतूने काढून नेणे हा दुसरा. दोन्हींचे घटक वेगळे, त्यामुळे पोलीस चोरीचा गुन्हा नोंदवू शकतात.

हा निकाल आरोपींच्या विरोधातला म्हणून वकील मंडळी तो टाळून पुढे जातात. मला तो बचावाच्या सर्वांत उपयोगाचा वाटतो. सरकारने काय दाखवायला हवे, ते त्यातच लिहिले आहे. वाळू नदीपात्रातून निघाली पाहिजे, सरकारच्या ताब्यातून, संमतीशिवाय, अप्रामाणिक हेतूने, आणि ती या आरोपीने काढली किंवा त्याच्या सांगण्यावरून निघाली पाहिजे. नदी ते ट्रॉली हा एक दुवा आणि ट्रॉली ते माणूस हा दुसरा. कागदावर यांतला एक जरी दुवा मुळातच नसेल, म्हणजे दुबळा नव्हे, नसेलच, तर चोरीचा गुन्हा उभा राहत नाही. तुमच्या दोषारोपपत्रावर हातात पेन्सिल घेऊन बसा आणि हे दोन दुवे कुठल्या पानावर आहेत ते शोधा.

पहिला दुवा बहुतेक प्रकरणांत इतका निष्काळजीपणे हाताळलेला असतो की वाचताना चीड येते. पंचनामा रस्त्यावरचा असतो. ट्रॅक्टर कुठे अडवला, ट्रॉलीत किती वाळू होती, ट्रॅक्टरचा रंग, चेसिस क्रमांक, सगळे असते. पण ही वाळू नदीच्या कुठल्या गटालगतच्या पात्रातून निघाली, तिथे ताजा खड्डा होता का, त्याची लांबी, रुंदी, खोली किती, तिथपर्यंत टायरच्या खुणा जातात का, त्या जागी कुणाला ठेका होता की पात्र बंद होते, यांतले काहीच नसते. पात्रातल्या वाळूचा आणि ट्रॉलीतल्या वाळूचा नमुना कुणी घेतलेला नसतो. जी वाळू ‘चोरली’ ती काही ठिकाणी तहसीलच्या आवारात ओतून ठेवल्याची पावतीसुद्धा सापडत नाही. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, साधारण एक ट्रॉली. मोजमाप न घेता ‘अंदाजे एक ब्रास’ असे लिहिलेले शब्द फिर्यादीतून पंचनाम्यात, पंचनाम्यातून जबाबात आणि जबाबातून दोषारोपपत्रात तसेच उतरत जातात.

पण इथे सावध राहा. नमुना घेतला नाही, मोजमाप अंदाजे आहे, ही तपासातली उणीव आहे आणि अशा उणिवांवर बहुतेक वेळा ‘हे खटल्यात पाहू’ असेच उत्तर मिळते. नदीकडून येणाऱ्या रस्त्यावर रात्री अडीचला ओल्या वाळूने भरलेली ट्रॉली, पास नाही, चालकाकडे समाधानकारक खुलासा नाही, एवढ्यावरून चालकाविरुद्ध प्रथमदर्शनी गुन्हा दिसतो, असेच न्यायालय म्हणेल, आणि त्यात काही चूक नाही. म्हणून चालकाची बाजू कमजोर आहे, असे वर म्हटले. पहिला दुवा खऱ्या अर्थाने तुटतो तो वेगळ्या परिस्थितीत. ट्रॉली रिकामी होती आणि ‘वाळू भरायला निघाली होती’ असे लिहिले आहे. किंवा वाळूच्या खरेदीची पावती आणि वाहतूक पास होता, तो फिर्यादीसोबतच जोडलेला आहे आणि त्यावरची तारीख, वेळ, वाहन क्रमांक जुळतो. किंवा वाळू नदीतून नव्हे तर परवानाधारक डेपोतून आल्याचे त्याच डेपोच्या नोंदी सांगतात. बचावाची कागदपत्रे या टप्प्यावर सहसा पाहिली जात नाहीत, पण ती निर्विवाद आणि उच्च दर्जाची असतील तर पाहता येतात, असे राजीव थापर विरुद्ध मदनलाल कपूर या २०१३ च्या निकालात म्हटले आहे. शासनाच्याच संगणकीय प्रणालीतून निघालेला पास या कसोटीला उतरू शकतो. ओळखीच्या माणसाने हाताने लिहून दिलेली पावती उतरणार नाही.

‘वाळू माझ्याच शेतातली आहे, पुरात वाहून आली’ असा बचाव काठावरचे बरेच शेतकरी घेतात. त्यांचे नुकसान खरे असते. पूर ओसरल्यावर काळ्या मातीवर दोन-दोन फूट रेती बसलेली मी पाहिली आहे. तरीही महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ४८ नुसार जमिनीतल्या खनिजांवरचा हक्क शासनाने राखून ठेवला आहे. सातबारा तुमचा असला म्हणून वाळू विकायला मोकळी होत नाही. शेतातून ती काढायची तर तहसीलदारांकडे रीतसर अर्ज करा, आणि मंजुरी येईपर्यंत एक पाटीही विकू नका. हा बचाव अप्रामाणिक हेतू नव्हता हे सांगायला खटल्यात थोडा उपयोगी पडतो, गुन्हा रद्द करायला फारसा नाही.

आता दुसरा दुवा, ट्रॉली ते माणूस. प्रश्नकर्त्याचे सगळे प्रकरण इथेच आहे.

मालकाविरुद्ध काय आहे? चालकाचे एक वाक्य आणि वाहन नोंदणीचे पुस्तक. दोन्ही नीट पाहू.

चालकाचे वाक्य पोलिसांपुढे बोललेले असेल तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम २३ मुळे ते कबुलीजबाब म्हणून वापरताच येत नाही. इथे ते तलाठ्यांपुढे बोललेले आहे. तलाठी, म्हणजे आताचे ग्राम महसूल अधिकारी, पोलीस नाहीत. त्यामुळे कलम २३ चा अडसर आपोआप लागत नाही. त्या वेळी चालक पोलिसांच्या ताब्यात होता का, पथकात हवालदार होता का, हे पाहावे लागते. सरकारी वकील हाच मुद्दा काढतात आणि तयारी नसेल तर तिथेच अडखळायला होते. पण त्यापुढची पायरी भक्कम आहे. ते वाक्य कबुलीजबाब म्हणून ग्राह्य धरले तरी ते सहआरोपीचे आहे. सहआरोपीची कबुली दुसऱ्या आरोपीविरुद्ध मूळ पुरावा होऊ शकत नाही. आधी दुसऱ्याविरुद्ध स्वतंत्र पुरावा हवा, मग त्याला आधार म्हणून ती विचारात घेता येते. काश्मिरा सिंग (१९५२) आणि हरिचरण कुर्मी (१९६४) या निकालांपासून हा नियम पक्का आहे. म्हणजे दोषारोपपत्रात मालकाविरुद्ध चालकाच्या वाक्याखेरीज काही नसेल, तर ज्याला आधार द्यायचा तो पुरावाच अस्तित्वात नाही.

नोंदणी पुस्तकावरून मालकी सिद्ध होते, चोरी नाही. फौजदारी कायद्यात नोकराच्या कृत्यासाठी मालक आपोआप दोषी ठरत नाही. तसे ठरवायला कायद्यात स्पष्ट तरतूद लागते आणि चोरीच्या कलमात ती नाही. कलम ३(५), म्हणजे जुन्या दंड संहितेचे ३४, लावले की समान हेतू दाखवावा लागतो. दोघांत आधी काही ठरले होते, मालकाला ठाऊक होते, त्याला त्यातून पैसे मिळत होते, असे काहीतरी कागदावर हवे. म्हणून दोषारोपपत्रात या गोष्टी शोधा: त्या रात्री मालक आणि चालक यांच्यात झालेल्या फोनची नोंद आहे का? कुणा ग्राहकाने मालकाच्या खात्यावर वाळूचे पैसे पाठवलेत का? गावातल्या कुणी ‘याच्याकडून वाळू घेतली’ असा जबाब दिलाय का? त्याच ट्रॅक्टरवर याआधी अशीच कारवाई झाली आहे का? या सगळ्याची उत्तरे ‘नाही’ असतील तर अर्ज करण्यात अर्थ आहे. यांतले एक जरी ‘हो’ असेल, समजा रात्री एक वाजता मालकाचा चालकाला गेलेला चार मिनिटांचा फोन असेल, तर मी तुम्हाला उच्च न्यायालयाचा खर्च करू नका म्हणेन. तो पुरावा पुरेसा आहे की नाही हे खटल्यातच ठरेल. आणि हे वकिलापासून लपवू नका. दोषारोपपत्राच्या शेवटच्या पानांत असलेली फोनची नोंद सरकारी वकिलांनी सुनावणीत वाचून दाखवली की सगळा अर्ज कोसळतो.

मालकाच्या वर्गातली आणखी दोन प्रकरणे नेहमी येतात. एक, ट्रॅक्टर किंवा टिप्पर आधीच विकलेला असतो, पण आरटीओत नाव बदललेले नसते. विक्रीचा करार, नमुना २९ आणि ३० च्या प्रती, पैसे खात्यावर आल्याची नोंद, विमा नव्या मालकाच्या नावावर असणे, हे सगळे जुळले तर जुन्या मालकाची सुटका बहुतेक होते. दुसरे, वाळूसाठा. नदीलगतच्या पडीक गटात कुणीतरी रात्रीतून वाळूचे ढीग लावलेले असतात, पथक येते, ढीग मोजते, आणि सातबाऱ्यावरच्या सगळ्या नावांवर गुन्हा नोंदवते. त्यात पुण्याला नोकरी करणारा भाऊ असतो, लग्न होऊन सासरी गेलेली बहीण असते, एकदा तर कधीच मृत झालेले आजोबा आरोपी क्रमांक तीन होते. जमीन माझी म्हणजे ढीग माझा, हे अनुमान फौजदारी जबाबदारीला पुरत नाही. अशा लोकांनी रहिवासाचे आणि नोकरीचे पुरावे, जमीन दुसऱ्याला वाहायला दिली असल्यास त्याचा कागद, असे सगळे तपास अधिकाऱ्याला तपास चालू असतानाच लेखी द्यावे. पुरावा अपुरा असेल तर नाव वगळण्याचा अधिकार तपास अधिकाऱ्याला आहे. तिथे काम झाले तर हायकोर्टाची पायरी चढायचीच गरज पडत नाही, आणि नाही झाले तरी ‘आम्ही हे दिले होते, त्यांनी पाहिले नाही’ हे नंतर दाखवता येते. पोचपावती घ्यायला विसरू नका.

आता खनिज कायद्याची कलमे ४ आणि २१. इथे मुद्दा पुराव्याचा नाही, कार्यपद्धतीचा आहे, आणि तो सर्वांत जास्त चुकीच्या पद्धतीने मांडला जातो. या कायद्याच्या कलम २२ नुसार प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीशिवाय कोणतेही न्यायालय या गुन्ह्याची दखल घेऊ शकत नाही, म्हणजे तो खटला चालवायला घेऊ शकत नाही. ही तक्रार थेट न्यायालयात केलेली असावी लागते. पोलीस ठाण्यातली फिर्याद म्हणजे ती नव्हे. मग गुन्हाच बेकायदा आहे, म्हणून लोक फिर्यादीच्या टप्प्यावर अर्ज करतात आणि हरतात. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या ३ डिसेंबर २०२० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे, की कलम २२ ची मनाई दखल घेण्यावर आहे, गुन्हा नोंदवण्यावर आणि तपासावर नाही. म्हणजे मनाई लागू होते ती पोलिसांच्या दोषारोपपत्रावरून दंडाधिकारी खनिज कायद्याच्या कलमांची दखल घेतात तेव्हा. तेवढ्यापुरती कारवाई रद्द होते. कंवर पाल सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या डिसेंबर २०१९ च्या प्रकरणात असेच झाले. खनिज कायद्याखालचा खटला गेला, चोरीचा राहिला. त्यामुळे ‘४ आणि २१ उडाले’ म्हणून पेढे वाटू नका. त्या कलमात ५ वर्षांपर्यंत शिक्षा आहे, ते जाणे मोलाचे आहे, पण चोरीच्या कलमासाठी वरचे दोन दुवे तपासावेच लागतात.

त्यातही १ जुलै २०२४ नंतरच्या गुन्ह्यांत एक नवी भर आहे. न्याय संहितेच्या कलम ३०५ मध्ये शासनाच्या किंवा स्थानिक प्राधिकरणाच्या मालमत्तेची चोरी वेगळी धरली आहे आणि तिला ७ वर्षांपर्यंत शिक्षा आहे. साध्या चोरीला, ३०३(२) ला, ३ वर्षे. पूर्वी दंड संहितेचे ३७९ लावून काम भागत असे, आता ३०५ सर्रास जोडले जाते. अटकेच्या दृष्टीने घाबरून जाऊ नका: ७ वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांत आधी नोटीस देऊन बोलावण्याची, अटक करायची तर कारणे लिहून ठेवण्याची पद्धत अर्णेश कुमार निकालापासून बंधनकारक आहे आणि ती आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ मध्ये आहे. नोटीस आली की हजर व्हा. पळून जाण्याने चांगली प्रकरणे बिघडतात.

याच नागरिक सुरक्षा संहितेने बचावाच्या हातात एक गोष्ट दिली आहे. झडती आणि जप्तीचे चित्रीकरण करून ते विनाविलंब दंडाधिकाऱ्यांकडे पाठवणे कलम १०५ ने पोलिसांवर बंधनकारक केले आहे. वाळूच्या कारवाया बहुतेक रात्रीच्या असतात, पंच ठरावीक असतात, आणि पंचनामा कधी लिहिला गेला याचा भरवसा नसतो. दोषारोपपत्राच्या यादीत हे चित्रीकरण नसेल तर ते लेखी मागा. ते नाही म्हणून गुन्हा रद्द होईल असे मी सांगणार नाही. महसूल अधिकाऱ्यांनी महसूल कायद्याखाली केलेल्या जप्तीला हे कलम तसेच लागते का, यावरही वाद होईल. पण ट्रॅक्टर कुठे उभा होता, त्यात वाळू होती की नव्हती, हे चित्रीकरणात उलटेच दिसत असेल तर त्याहून मोठा आधार नाही.

काय चालत नाही, तेही सांगून टाकतो, कारण त्यावर लोकांचे पैसे फुकट जातात. पंच सरकारी नोकर आहेत, तेच पंच दहा गुन्ह्यांत आहेत, फिर्याद सहा तास उशिरा दिली, जबाब एकसारखे आहेत, हे सगळे उलटतपासणीचे मुद्दे आहेत. ग्रामपंचायत निवडणुकीच्या रागातून नाव घातले, हे खरे असू शकते, पण नुसता आरोप करून भागत नाही. फिर्यादी शासकीय अधिकारी असेल तर त्याचा तुमच्याशी काय वैरभाव, हे कागदाने दाखवावे लागते. तलाठी तडजोडीला तयार आहेत, शपथपत्र देतात, असे सांगत काही जण येतात. वाळू तलाठ्यांची नव्हती, लोकांची होती. त्यांच्या संमतीने हा गुन्हा मिटत नाही, आणि असे शपथपत्र आणले तर न्यायालयाला शंका येते. पथकावर हल्ला केला, अंगावर ट्रॅक्टर घालण्याचा प्रयत्न केला, लोकसेवकाला अडवले, असे न्याय संहितेचे कलम १३२ जोडलेले असेल तर ज्याच्यावर तो थेट आरोप आहे त्याने या मार्गाची आशा ठेवू नये.

आणि ठेवू नये हे योग्यच आहे. वाळूच्या पथकांवर जाणारे तलाठी, कोतवाल, मंडळ अधिकारी जीव मुठीत धरून जातात. त्यांच्या अंगावर वाहने घातल्याच्या घटना राज्यात वारंवार घडल्या आहेत. नदीचे तर विचारू नका. गोदावरी, गिरणा, भीमा, वैनगंगा, कुठल्याही काठावर उभे राहा, पात्रात वाळूऐवजी खडक आणि डबकी दिसतात, काठच्या विहिरी उन्हाळ्याआधीच तळ गाठतात, पुलांचे पाये उघडे पडतात. केनीने आणि सक्शन बोटीने रात्रभर उपसा करणारी माणसे वेगळी असतात आणि पहाटे पथकाच्या हाती लागतो तो दिवसाला काहीशे रुपये घेणारा चालक. मी मालकांचे अर्ज चालवतो, पण प्रत्येक वेळी ज्याने खरोखर नदी उपसली तोसुद्धा याच कच्च्या पंचनाम्याच्या दारातून बाहेर पडणार आहे, हे मला डाचत राहते. पात्रातल्या खड्ड्याचा नकाशा, फोनची नोंद, पैशांचा माग, या तीन गोष्टी तपासात आल्या तर निरपराध जमीनमालक दोषारोपपत्रात येणारच नाही आणि खरा माणूस सुटणार नाही. त्यासाठी महसूल आणि पोलीस यांनी एकत्र बसून एक साधा तपासनमुना ठरवायला हवा. महसूल अधिकाऱ्यांसाठीच्या प्रशिक्षणांत मी हे बोललो आहे आणि पुढेही बोलत राहीन.

गुन्हा रद्द होणे एवढे महत्त्वाचे का, हेही अनेकांना उशिरा कळते. २०१५ पासून वाळू तस्कर हा शब्द एमपीडीए कायद्यात, म्हणजे धोकादायक व्यक्तींना स्थानबद्ध करण्याच्या राज्याच्या कायद्यात, आला आहे. लागोपाठ गुन्हे दिसले की वर्षभरापर्यंत स्थानबद्धतेचा प्रस्ताव जाऊ शकतो, तडीपारीची नोटीस येऊ शकते. त्या प्रस्तावात तुमच्या नावापुढे गुन्ह्यांचा तक्ता असतो. गुन्हा खरा होता की चालकाच्या एका वाक्यावरचा, हे त्या तक्त्यात दिसत नाही.

ट्रॅक्टर आणि दंड यांचा रस्ता वेगळा आहे, त्याची गल्लत करू नका. महसूल अधिनियमाच्या कलम ४८(७) खाली वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड, आणि ४८(८) खाली वाहनाची जप्ती. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे आणायला हवे. तिथे ठरलेला दंड आणि जातमुचलका घेऊन ते सोडता येते. २०१८ च्या नियमांनुसार ट्रॅक्टरसाठी हा दंड १ लाख रुपये, मोठ्या ट्रक किंवा डंपरसाठी २ लाख आणि पोकलेनसारख्या यंत्रासाठी साडेसात लाख आहे. जप्तीचा आदेश कुणी काढला आणि त्याला तो अधिकार होता का, हे आधी तपासा. दंडाच्या आदेशाविरुद्ध उपविभागीय किंवा त्यावरच्या महसूल अधिकाऱ्याकडे ६० दिवसांत अपील होते. फौजदारी गुन्हा रद्द झाला म्हणून दंड आपोआप जात नाही, आणि दंड भरला म्हणून चोरीचा गुन्हाही मिटत नाही. पेरणी तोंडावर असताना ट्रॅक्टर अडवून धरणे कुणाला परवडत नाही, दंड भरून सोडवून आणावा लागतो, हे मला कळते. भरताना ‘हक्क राखून, हरकतीसह भरत आहे’ असे लेखी द्या आणि प्रत ठेवा. नाहीतर तीच पावती ‘आरोपीने दंड भरला’ म्हणून दोषारोपपत्रात लागते.

आता प्रश्नकर्त्याने प्रत्यक्ष काय करायचे ते. दोषारोपपत्राची पूर्ण प्रत घ्या, शेवटच्या पानापर्यंत. त्यात चालकाच्या वाक्याखेरीज तुमच्याविरुद्ध काही नसेल तर कलम ५२८ खाली फक्त मालकाचा अर्ज करा. चालकाला त्याच अर्जात घेऊ नका. त्याची कमजोर बाजू तुमच्या चांगल्या बाजूला खाली ओढते, शिवाय तुमचे आणि त्याचे हित इथे एक नाही, त्याला स्वतःचा वकील मिळू द्या. शासन आणि फिर्यादी तलाठी या दोघांना प्रतिवादी करा. चोरी आणि खनिज कायदा यांसाठी मागण्या वेगवेगळ्या लिहा, म्हणजे एक नाकारली गेली तरी दुसरी टिकते. मराठवाडा, अहिल्यानगर, जळगाव, धुळे, नंदुरबार इकडचे अर्ज छत्रपती संभाजीनगरला, विदर्भातले नागपूरला, आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गचे १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला.

सुनावणीत न्यायमूर्तींचा कल विरुद्ध दिसला तर वकिलाला अर्ज मागे घेऊ द्या आणि दोषमुक्तीचा, म्हणजे खटला सुरू होण्याआधीच खालच्या न्यायालयातून सुटण्याचा, अर्ज करण्याची मुभा आदेशात लिहून घ्या. गुणवत्तेवर फेटाळला गेलेला अर्ज खालच्या न्यायालयात तुमच्यापुढे उभा राहतो, मागे घेतलेला नाही. दंडाधिकाऱ्यांपुढे दोषमुक्तीचा अर्ज करायला नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ ने दोषारोपपत्राच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवसांची मुदत घातली आहे, आणि उच्च न्यायालयात अर्ज पडून आहे म्हणून ती आपोआप थांबत नाही. प्रती कोणत्या तारखेला मिळाल्या ते आजच न्यायालयाच्या रोजनाम्यात, म्हणजे तारखेवारच्या नोंदींत, पाहून घ्या आणि दोन्ही अर्जांची तयारी एकदमच सुरू करा.